बंदरावर नोकरी करायचीय? जहाजाच्या एजंटच्या बाजूने थोडं सांगते

बंदरावरची नोकरी म्हटलं की लोकांच्या डोळ्यासमोर एकतर कडक इस्त्रीतला कॅप्टन येतो नाहीतर त्या भल्यामोठ्या क्रेन. मधे जी माणसं एकेका जहाजाभोवती राबत असतात ती कुणाला दिसतच नाहीत. जहाजाला बंदरात आत-बाहेर वाट दाखवणारे पायलट, जहाज ओढणारे टगवाले, माणसांची ने-आण करणाऱ्या छोट्या होडीचे लाँचवाले, धक्क्यावर दोर पकडणारी मुरिंग गँग, माल मोजणारे टॅली क्लार्क, तपासणी करणारे सर्व्हेअर, जहाजाला इंधन देणारे बंकर बार्जवाले, कस्टम, इमिग्रेशन, पोर्ट हेल्थ, डॉक कामगार, कचरा न्यायला येणारी होडी, आणि या सगळ्यांना फोन करून करून ज्याचा घसा बसलेला असतो तो जहाजाचा एजंट. मी त्या शेवटच्या जमातीतली. शिपिंग एजन्सीत बोर्डिंगचं काम करते, म्हणजे जहाज यायच्या आधीपासून ते निघून जाईपर्यंत त्याचं जमिनीवरचं जे काही असेल ते आमच्याकडे. नवीन पोरंपोरी येतात आणि सुरुवातीला पार गोंधळतात, कारण कोर्समध्ये शिकलेलं असतं बिल ऑफ लेडिंगचे (जहाजावरच्या मालाच्या पावतीचे) प्रकार आणि इथे पहिला प्रश्न असतो की रात्री अडीचला लाँच कुठून सुटते. म्हणून हे लिहितेय. मला बंदर जसं दिसतं तसंच सांगणार, क्रेनवाल्याला विचाराल तर तो वेगळंच काहीतरी सांगेल आणि तेही खरंच असेल.

आधी घड्याळाचं बोलू. ऑफिसचं टायमिंग कागदावर काहीही असू दे, मोठं जहाज आत येतं ते पाण्याच्या वेळेला. बहुतेक ठिकाणी दिवसाला दोन भरत्या नि दोन ओहोट्या, एका भरतीपासून पुढची साधारण १२ तास २५ मिनिटांनी, त्यामुळे वेळ रोज पन्नासेक मिनिटं पुढे सरकते आणि तुमची झोप पण तिच्यासोबत सरकते. (जगात अशीही बंदरं आहेत जिथे दिवसात एकच भरती येते, तिथलं गणित वेगळं.) अमावस्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण, तेव्हा पाणी चढतंही जास्त आणि उतरतंही जास्त, आणि अष्टमीच्या सुमाराला भांग, तेव्हा फरक कमी. हे शाळेत भूगोलात वाचलेलं असतं पण तिथे कुणी सांगत नाही की खोल बुडालेलं भरलेलं जहाज भांगात आलं आणि चॅनेलला, म्हणजे जहाजांच्या खोल वाटेला, तेवढं पाणी नसलं तर ते पुढच्या उधाणापर्यंत बाहेर नांगर टाकून बसू शकतं, आणि त्याच्या मालाची वाट बघणारे सगळे मग तुम्हालाच फोन करत बसतात.

अजून एक, पाणी एकसारख्या वेगाने चढत नाही. ढोबळ हिशोब असा की सहा तासांच्या चढाचे बारा भाग करायचे, पहिल्या तासात एक भाग चढतो, दुसऱ्यात दोन, तिसऱ्यात तीन, चौथ्यात तीन, पाचव्यात दोन, सहाव्यात एक. म्हणजे एकूण चढ ४ मीटरचा असेल तर त्यातले २ मीटर मधल्या दोन तासांतच चढून जातात. पायलट जेव्हा म्हणतो की अर्धा तास उशीर चालणार नाही तेव्हा तो उगाच भाव खात नसतो. शिवाय उथळ पाण्यात जहाज वेगात गेलं की स्वतःच थोडं खाली बसतं, त्याला स्क्वॉट म्हणतात, आणि ते वेगाच्या वर्गाप्रमाणे वाढतं, वेग निम्मा केला की स्क्वॉट जवळपास पाव होतं. त्यामुळे उशीर झालाय तर जोरात चालवा की, असं कॅप्टनला सुचवायला जाऊ नका. मी हे सुचवणारे माल-मालक बघितलेत.

आता ईटीए, म्हणजे जहाज पोचायची वेळ. नवीन माणसाला वाटतं ईटीए म्हणजे रेल्वेचं वेळापत्रक. तो अंदाज असतो, हवा बिघडली बदलतो, आधीच्या बंदरात काम लांबलं बदलतो, आणि तुमच्या धक्क्यावरचं आधीचं जहाज हललं नाही तर तुमचं जहाज वेळेत येऊनही उपयोग शून्य. ईटीए बदलला की पायलट स्टेशन, टग, टर्मिनल, मुरिंग गँग, लाँच, सर्व्हेअर, कस्टम सगळ्यांना परत कळवायचं आणि नुसतं कळवून थांबायचं नाही, समोरच्याने ऐकलं का ते बघायचं, लेखी पाठवायचं. हा कंटाळवाणा भाग आहे, पण सुरुवातीची बरीच नोकरी हीच आहे.

एक सवय मी सगळ्यांना लावायला सांगते, रिकाम्या वेळी व्हीएचएफ, म्हणजे जहाजांचा रेडिओ, ऐकत बसा. चॅनेल १६ म्हणजे १५६.८ मेगाहर्ट्झ, तो हाक मारायला आणि संकटासाठी, बोलणं सुरू झालं की बंदराच्या ठरलेल्या वर्किंग चॅनेलवर जायचं. सुरुवातीला काही म्हणजे काही कळत नाही, दहा देशांचे उच्चार, मधे खरखर, कोणीतरी कोणालातरी चिडून विचारतंय की तुझा इरादा काय. पण कान बसला की ऑफिसात कोणी सांगायच्या आधी तुम्हाला कळलेलं असतं की पायलट चढलाय, टग अजून दुसऱ्या जहाजावर अडकलाय, म्हणजे आपलं बर्थिंग, म्हणजे धक्क्याला लागणं, मागे जाणार. फक्त ऐका, स्वतः त्यावर गप्पा मारू नका, व्हीटीएसवाले, म्हणजे बंदरातली जहाजांची वाहतूक सांभाळणारे, सगळं रेकॉर्ड करतात.

बाहेर नांगरावर उभी असलेली जहाजं पण वाचता येतात. सगळी एकाच दिशेला तोंड करून असतात, कारण पाण्याचा ओढ नाहीतर वारा. भरलेलं खोल जहाज पाण्याच्या ओढीला जास्त मानतं आणि रिकामं उंच जहाज वाऱ्याला, म्हणून ओढ वळायच्या वेळेला थोडा वेळ सगळी वेडीवाकडी दिसतात. दिवसा पुढच्या बाजूला काळा गोळा टांगलेला दिसला की नांगरावर आहे. झेंड्यांना इंग्रजी अक्षरांची नावं असतात, पिवळा झेंडा म्हणजे क्यू, जहाजावर सगळे ठणठणीत आहेत, आम्हाला आरोग्य खात्याची परवानगी द्या. अर्धा पांढरा अर्धा लाल म्हणजे एच, पायलट वर आहे. पूर्ण लाल म्हणजे बी, धोकादायक माल भरला-उतरवला जातोय नाहीतर घेऊन चाललेत. परवानग्या हल्ली ईमेलनेच होतात पण झेंडे चढतातच आणि धक्क्यावर पोचण्याआधी लाल झेंडा दिसला तर मोबाईल नि लायटरचं काय करायचं ते आधीच कळतं.

शिडीबद्दल मात्र सविस्तर सांगते. जहाज नांगरावर असताना तुम्हाला लाँचने जाऊन चढावं लागतं आणि हा या कामातला सगळ्यात धोक्याचा भाग आहे, भले व्हिडिओत तो सगळ्यात भारी दिसतो. पायलट लॅडर म्हणजे लाकडी पायऱ्यांची दोरांची शिडी, खालच्या चार पायऱ्या रबराच्या असू शकतात, मधे मधे लांब आडव्या फळ्या असतात म्हणजे शिडी गरकन फिरत नाही. पाण्यापासून डेकपर्यंत ९ मीटरपेक्षा जास्त चढ असेल तर नुसती दोरांची शिडी चालत नाही, सोबत बाजूची तिरकी अकोमोडेशन लॅडर जोडावी लागते, तो नियम सोलास या जहाजांच्या सुरक्षेच्या आंतरराष्ट्रीय करारात आहे. वर एक ऑफिसर रेडिओ घेऊन उभा पाहिजे, दिवा लावलेली लाइफबॉय पाहिजे, रात्री उजेड पाहिजे. हे नसलं तर चढू नका. खरंच सांगते, नाही म्हणा. लाँचवाला वैतागेल, ऑफिसातून फोन येईल, जहाजाचा मेट (कॅप्टनच्या हाताखालचा ऑफिसर) म्हणेल आत्ताच तर दुसरा एक चढून आला. येऊ दे. अनुभवी पायलट सुद्धा शिडी बघून परत फिरतात आणि त्यांना कोणी भित्रा म्हणत नाही.

चढताना बॅग हातात नाही आणि खांद्यावर लोंबकळत पण नाही, वरून दोर सोडायला सांगा, बॅग वेगळी वर जाते. लाइफजॅकेट घट्ट बांधलेलं, बूट न घसरणारे, खिशातून काही बाहेर आलेलं नाही. लाँच लाटेवर सगळ्यात वर आली की तेव्हा शिडी धरायची आणि लगेच दोन-चार पायऱ्या वर जायचं, तिथेच लटकून विचार करायचा नाही, कारण लाँच खाली जाऊन परत वर येते तेव्हा तुमचा पाय मधे असू शकतो. उतरताना पण लाँचवरचा खलाशी सांगेल तेव्हाच पाय सोडायचा, त्याला लाट तुमच्यापेक्षा नीट दिसते. लाँचवाल्यांशी चांगलं वागा हे वेगळं सांगायला नको, तरी सांगते. मुलींसाठी एक जास्तीचं: मिळणारे बॉयलर सूट आणि लाइफजॅकेट बहुतेक पुरुषांच्या मापाचे असतात, ढगळ बाही शिडीत अडकते, तेव्हा आपल्या मापाचं पहिल्याच आठवड्यात भांडून मागून घ्या, लाजू नका.

वर पोचलात की गँगवेवर, म्हणजे जहाजावर चढायच्या जिन्याशी, सही करायची, ओळखपत्र दाखवायचं, पास लावायचा. १ जुलै २००४ पासून आयएसपीएस हा सुरक्षेचा कोड लागू आहे, त्यामुळे जहाज आणि बंदर दोन्हीकडे सिक्युरिटी लेव्हल १, २, ३ असं चालतं, आणि ज्याची वहीत नोंद नाही तो माणूस जहाजावर नाहीच असं समजा, आग लागली तर तुम्हाला शोधायला कोणी येणार नाही.

कॅप्टनच्या केबिनमध्ये पहिल्या तासाला लग्नघर असतं. कस्टम, इमिग्रेशन, हेल्थ, सर्व्हेअर, टर्मिनलचा माणूस, रंग-दोर-भाजी पुरवणारा शिप चँडलर, सगळ्यांना आत्ताच सही पाहिजे. आणि हा कॅप्टन कदाचित रात्रभर ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवायच्या खोलीत, उभा राहून आलाय. कायद्याने खलाशाला कुठल्याही २४ तासांत किमान १० तास आणि ७ दिवसांत ७७ तास विश्रांती मिळाली पाहिजे, एमएलसी २००६ या खलाशांच्या कामाबद्दलच्या करारात लिहिलंय, पण बंदरातल्या पहिल्या दिवशी या आकड्यांचं काय होतं ते तुम्हाला तिथे बसल्यावर कळेलच. एजंट चांगला की वाईट हे कॅप्टन इथेच ठरवतो. कागद क्रमाने लावून न्या, सहीच्या जागी खूण करून ठेवा, सगळ्यांच्या सह्या एका बैठकीत होतील असं बघा आणि निघा. क्रू लिस्ट, जनरल डिक्लेरेशन, कार्गो, शिप स्टोअर्स, क्रूचं सामान, प्रवासी, धोकादायक माल, हे एफएएल या आंतरराष्ट्रीय कराराचे ठराविक फॉर्म, तेच ते सगळीकडे. १ जानेवारी २०२४ पासून ही माहिती मेरिटाइम सिंगल विंडोतून एकदाच इलेक्ट्रॉनिक भरायची असं बंधनकारक आहे, कागद कमी झालेत हे खरं, पण संपलेत असं कोणी सांगितलं तर हसून सोडून द्या.

त्यातला धोकादायक मालाचा कागद मात्र झोपेत असलात तरी जागे होऊन वाचा. १९४४ साली १४ एप्रिलला मुंबईच्या गोदीत फोर्ट स्टिकीन नावाच्या जहाजात कापसाच्या गासड्या आणि स्फोटकं एकत्र होती, आग लागली आणि स्फोटांनी गोदी उडाली. १९४७ मध्ये टेक्सास सिटीत ग्रँडकँप जहाजातलं अमोनियम नायट्रेट, २०२० मध्ये बैरूतच्या बंदरातल्या गोदामात पडून राहिलेलं २,७५० टन अमोनियम नायट्रेट, दोन्हीकडे स्फोट. बैरूतला तर माल आणणारं जहाज कधीच संपलं होतं, माल तेवढा कागदांच्या भांडणात वर्षानुवर्षं तिथेच राहिला. शहराच्या पोटात बंदर असतं तेव्हा तुमच्या फॉर्ममधल्या एका रकान्याच्या पलीकडे वस्ती असते.

खलाशांबद्दल एवढंच की ते तुमच्याकडून फार मोठं काही मागत नाहीत. सिम कार्ड, वायफाय, डॉक्टरची वेळ, किनाऱ्यावर जाऊन यायला पास. कंटेनर जहाज एका दिवसात निघून जातं, त्यामुळे काही जण महिनोन्महिने गेटबाहेर पडलेले नसतात. दाताने बेजार झालेला इंजिनरूममधला मोटरमन असेल तर त्याची अपॉइंटमेंट जहाज लागायच्या आधी घेऊन ठेवा, लागल्यावर शोधायला गेलात तर जहाज सुटायची वेळ होते.

आता मुख्य गोष्ट. या नोकरीत तुमच्या हातून सगळ्यात महत्त्वाचं काय होत असेल तर वेळ लिहिणं. त्या कागदाला स्टेटमेंट ऑफ फॅक्ट्स म्हणतात, एसओएफ. जहाज पायलट स्टेशनला किती वाजता पोचलं, नांगर कधी टाकला, नोटीस ऑफ रेडिनेस, म्हणजे जहाज कामाला तयार असल्याची सूचना, कधी दिली, पायलट कधी चढला, पहिला दोर धक्क्यावर कधी गेला, सगळे दोर बांधून ऑल फास्ट कधी झालं, गँगवे कधी लागला, हॅच, म्हणजे मालाच्या कोठाराचं झाकण, कधी उघडलं, काम कधी सुरू झालं, कधी थांबलं, का थांबलं, परत कधी सुरू झालं. बस एवढंच. दिसायला क्लार्कचं काम. पण भाड्याने घेतलेल्या जहाजाला माल चढवायला-उतरवायला ठरलेला वेळ मिळतो, लेटाइम, तो ओलांडला की दर दिवसाला डेमरेज, म्हणजे उशिराची भरपाई, लागतं आणि लवकर काम संपवलं तर करारात असेल तसं उलटं डिस्पॅच, म्हणजे वाचवलेल्या वेळेचे पैसे, मिळतं. आणि हे पैसे कोणी कोणाला द्यायचे हे महिन्यांनंतर, दुसऱ्याच शहरातल्या ऑफिसात, तुम्हाला कधीही न भेटलेली माणसं तुमच्या त्या कागदावरून ठरवतात.

म्हणून पाऊस. धान्य किंवा खत असलं की पावसात हॅच बंद करावं लागतं, आणि करारात कोरड्या हवेचे दिवस मोजायचे असं असेल तर पावसाचा वेळ वजा होतो. पण एकदा डेमरेज सुरू झालं की मग सहसा ती सवलत पण जाते. त्यामुळे टर्मिनलचा माणूस आणि जहाजाचा चीफ मेट यांचं पावसावरून जेवढं वाजतं तेवढं कशावरूनच वाजत नाही. पाऊस २:१० ला थांबला की २:५० ला? एक म्हणतो पाऊस थांबला होता, दुसरा म्हणतो थेंब पडतच होते. अशा वेळी मी पाऊस लिहितच बसत नाही, म्हणजे लिहिते पण त्यासोबत हॅच बंद कधी झालं आणि उघडलं कधी ते लिहिते, क्रेनचा पहिला ग्रॅब (माल उचलायचा पंजा) कधी खाली गेला ते लिहिते, कारण थेंबांवर वाद होतो, ग्रॅबवर होत नाही. मत लिहू नका. 'कामगार उशिरा आले' असं नको, 'गँग ६:४० ला जहाजावर हजर' असं लिहा. कॅप्टनला मान्य नसेल तर तो शेरा मारून सही करेल, मारू द्या, त्याचा हक्क आहे तो, टर्मिनलवाला पण मारेल. तुमचं काम आकडा बरोबर ठेवणं. आणि त्या त्या वेळीच खिशातल्या वहीत लिहायचं, संध्याकाळी आठवून नाही, आणि सगळ्यांच्या घड्याळात एकच स्थानिक वेळ आहे ना ते आधी विचारून घ्यायचं, काही जहाजं मागच्या बंदराचीच वेळ चालवत असतात.

सुटा माल नेणाऱ्या बल्क जहाजावर मालाचं वजन पण पाण्यावरूनच काढतात, त्याला ड्राफ्ट सर्व्हे म्हणतात. पुढे, मधे, मागे, दोन्ही बाजूंनी असे सहा ठिकाणी जहाज किती बुडालंय ते आकडे वाचायचे, हायड्रोमीटरने पाण्याची घनता बघायची, मग टाक्यांमधलं पाणी-इंधन वजा करत बसायचं. पॅनामॅक्स साइजच्या (पनामा कालव्याच्या जुन्या मापात बसणाऱ्या) जहाजाला एक सेंटीमीटर जास्त बुडणं म्हणजे साठ-सत्तर टन माल, तेव्हा लाटेत हलणारा आकडा वाचणाऱ्या सर्व्हेअरशी त्या वेळी गप्पा मारू नका. सर्व्हेअरमागे फिरायची संधी मिळाली तर सोडू नका, बंदरातली सगळ्यात चांगली शिकवणी ती आहे.

धक्क्यावर जीव सांभाळायचा तर दोन गोष्टी, बाकी हेल्मेट वगैरे गेटवर सांगतातच. एक, दोर. ताणलेला सिंथेटिक दोर तुटला की उलटा येतो आणि मधे जे असेल ते कापत जातो. पूर्वी डेकवर धोक्याच्या जागा रंगवून ठेवायचे, आता बऱ्याच ठिकाणी म्हणतात की मुरिंग चालू असताना तो पूर्ण भागच धोक्याचा धरा, कारण दोर कुठल्या कोनात वळून येईल ते रंगाला माहीत नसतं. जहाज बांधताना किंवा सोडताना तुमचं तिथे काही काम नसतं, लांब उभं राहा. फोटो पण लांबूनच. जहाजावरून आधी येते ती बारीक हीव्हिंग लाइन, तिच्या टोकाला गाठीचा गोळा, त्यात लोखंड भरू नये असं असतं तरी कोणीतरी भरतं, तेव्हा वर बघत राहा.

दोन, होल्ड, म्हणजे जहाजातलं मालाचं कोठार. याबद्दल नवीन लोकांना अजिबात कल्पना नसते. हवेत प्राणवायू २०.९ टक्के, पण बंद होल्डमध्ये कोळसा, लाकडाचे ओंडके, भंगार लोखंड असलं काही असेल तर ते प्राणवायू खाऊन टाकतं, लोखंड तर नुसतं गंजता गंजता. नुसता होल्डच नाही, होल्डमध्ये उतरायचा जो बंद जिना असतो तिथे पण तीच हवा. वास नाही, रंग नाही, दोन श्वासात माणूस कोसळतो, आणि त्याला काढायला धावत गेलेला दुसरा पण. परमिट आणि मीटरचं रीडिंग बघितल्याशिवाय झाकणातून डोकं पण आत घालायचं नाही. आत कोणी पडलेला दिसला तर ओरडा, अलार्म द्या, उतरू नका. हे लिहायला सोपं आहे, तिथे उभं असताना फार अवघड आहे, म्हणून आधीच ठरवून ठेवायचं.

कंटेनर टर्मिनलची दुनिया वेगळी. १९५६ च्या एप्रिलमध्ये माल्कम मॅक्लीन या अमेरिकन ट्रकवाल्या व्यावसायिकाने आयडियल एक्स जहाजावर ५८ पेट्या टाकून नेवार्कहून ह्यूस्टनला नेल्या तिथून ही भानगड सुरू झाली, आणि त्यानंतर शहरातल्या जुन्या गोद्या एकेक करून ओस पडल्या, कारण पेट्या मांडायला मैदान लागतं आणि मोठ्या जहाजाला खोल पाणी, शहराच्या मधे दोन्ही नाही. शांघाय बंदर २०२४ मध्ये ५ कोटी टीईयूच्या (वीस फुटी पेटीच्या मापाने) वर गेलं, तिथलं मोठं यांगशान टर्मिनल तर समुद्रात बेटावर आहे, लांबच लांब पुलाने जोडलेलं. इथे माणसं कमी भेटतात, स्क्रीन जास्त. पेटीचा नंबर पाठ करायची गरज नाही पण वाचता आला पाहिजे: चार अक्षरं, चौथं बहुतेक यू, मग सहा आकडे आणि शेवटी चौकटीतला एक चेक डिजिट, जो आधीच्या सगळ्यांवरून गणिताने निघतो, त्यामुळे एखादा आकडा चुकीचा टाइप झाला की सिस्टिम बहुतेक वेळा लगेच पकडते. आणि १ जुलै २०१६ पासून वजन पडताळल्याशिवाय, म्हणजे व्हीजीएम दिल्याशिवाय, भरलेली पेटी जहाजावर चढत नाही. मला स्वतःला बल्क आवडतं. कंटेनरमध्ये शिस्त शिकाल, बल्कमध्ये माणसं शिकाल, पण हे माझं मत, टर्मिनलवाल्या मैत्रिणी यावर भांडतात.

मोठ्या जहाजांच्या नादात छोट्या होड्या विसरू नका, कारण शहराच्या बंदरात खरी गर्दी त्यांचीच. फेरी, मासेमारीच्या होड्या, बार्ज, ड्रेजर, सर्व्हे लाँच, हौशी शिडाच्या होड्या. कोलरेगचा, म्हणजे समुद्रात टक्कर टाळायच्या नियमांमधला, नियम ९ सांगतो की अरुंद चॅनेलमध्ये २० मीटरपेक्षा लहान होडीने किंवा शिडाच्या होडीने, ज्या जहाजाला फक्त त्या चॅनेलमधूनच जाता येतं त्याची वाट अडवायची नाही, पण होडीवाल्याला हे माहिती असेलच असं नाही, आणि तीनशे मीटरचं जहाज ब्रेक मारून थांबत नाही. भोंगे ओळखायला शिका: एक छोटा म्हणजे मी उजवीकडे वळतोय, दोन म्हणजे डावीकडे, तीन म्हणजे इंजिन उलटं फिरवतोय, आणि भराभर पाच किंवा जास्त म्हणजे तू काय करतोयस ते मला कळत नाहीये. पाच ऐकू आले की धक्क्यावरचे सगळे मान वळवतात, तुम्ही पण वळवाल. रोजच्या फेरीवाल्यांचं मला फार कौतुक आहे, त्यांना चॅनेलमधला ओढ कुठल्या तासाला कुठल्या कोपऱ्यात फिरतो ते कुठल्याही तक्त्याशिवाय माहीत असतं. नवीन बंदरात गेलात तर एक सुट्टी काढून फेरीने इकडून तिकडे जा, पुढच्या बाकावर बसून, सगळे बोये (वाट दाखवणाऱ्या तरंगत्या खुणा) मोजत. बोयांचे रंग पण जगभर एकसारखे नाहीत हे लक्षात असू द्या, आत येताना डाव्या हाताला लाल ही जगातल्या बऱ्याच भागातली पद्धत, अमेरिका खंडात आणि जपान, कोरिया, फिलिपिन्समध्ये नेमकं उलटं.

शिरायचं कसं आणि पुढे कुठे जाता येतं? पायलट व्हायचं तर बहुतेक ठिकाणी आधी समुद्रावर जाऊन डेक ऑफिसर, जमलं तर मास्टर, म्हणजे कॅप्टन, व्हावं लागतं आणि मग त्याच बंदरात उमेदवारी, थेट रस्ता विरळा. व्हीटीएसला आयएएलए या सागरी मार्गदर्शनाच्या आंतरराष्ट्रीय संस्थेच्या धर्तीवरचं ट्रेनिंग असतं, तिथे समुद्रावर न गेलेल्यांनाही काही देशांत घेतात, आवाज शांत आणि डोकं थंड असेल तर छान करिअर आहे. टगवर खालून वर चढत जाता येतं. एजन्सीत यायला मात्र कुठलाही मोठा दाखला लागत नाही, भाषा, टायपिंग, रात्री फोन उचलायची तयारी, आणि म्हणूनच पगार सुरुवातीला बेताचा आणि लोक सोडून पण लवकर जातात. पण दोन-तीन वर्षं टिकलात तर बंदरातला प्रत्येक विभाग आतून बघून होतो, तिथून चार्टरिंगमध्ये (जहाज भाड्याने देणं-घेणं), क्लेमच्या कामाला, सर्व्हेकडे, टर्मिनल प्लॅनिंगला, कुठेही वळता येतं, आणि तिथे पुस्तकी उमेदवारापेक्षा ज्याने एसओएफ स्वतः लिहिलाय त्याला जास्त विचारतात हे मी बऱ्याच जणांच्या बाबतीत पाहिलंय. घरच्यांना मात्र आधीच सांगून ठेवा की सणवार, वाढदिवस याचं आपण नक्की काही सांगू शकत नाही.

जॉइन व्हायच्या आधी वाचायचंच असेल तर जाडजूड पुस्तकं नकोत. त्या बंदराचा या वर्षीचा भरती-ओहोटीचा तक्ता, बंदराचे स्वतःचे नियम, चॅनेल आणि अँकरेजचा (नांगर टाकायच्या जागेचा) चार्ट, आणि कुठल्यातरी जुन्या जहाजाचा पूर्ण भरलेला एसओएफ मागून घ्या. तो एसओएफ घेऊन त्या तारखेचा तक्ता समोर ठेवा आणि बघा की जहाज त्याच वेळेला का आत आलं, मधे पाच तास काम का थांबलं, पायलट चढल्यापासून ऑल फास्टला एवढा वेळ का गेला. जिथे उत्तर सापडत नाही तिथे पेन्सिलने खूण करा आणि पहिल्या दिवशी सीनियरला तेच विचारा, सगळ्यांना आवडेल असं नाही, पण ज्याला आवडेल त्याच्याच लाँचमध्ये बसायचा प्रयत्न करा.